निलंबन झालंय ना? मग आधी दिवस मोजा

वाचकाचं पत्र:

"सर, मी ठाण्यातल्या एका राज्य सरकारी कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे, राहायला कळव्याला. अभिलेख कक्षाचा चार्ज माझ्याकडे असताना एक जुनी फाईल सापडेना, म्हणून मला निलंबित केलं. चार्ज घेतानाच्या यादीवर आधीच्या लिपिकाची सहीच नव्हती, हे मी तेव्हा तोंडी सांगितलं होतं. आदेश हातात पडून आज 117 दिवस झाले. दोषारोपपत्र नाही, चौकशी नाही, साधं बोलावणंही नाही. मुख्यालय शहापूर दिलंय. निर्वाह भत्ता दोन महिने मिळाला, नंतर बंद. साहेबांना नऊ पानी खुलासा दिला, त्याला उत्तर नाही. मेहुणा म्हणतो आमदारांचं पत्र आणतो. कोर्ट नाक्यावरचे ओळखीचे वकील म्हणतात इथेच दावा टाकू, दुसरे म्हणतात थेट हायकोर्ट. ऑफिसातले म्हणतात, कोर्टात गेलास तर साहेब कायमचे बिघडतील. मधल्या काळात संध्याकाळी मेहुण्याची रिक्षा चालवली तर चालेल का? घरी फक्त बायकोला माहीत आहे. आईला सांगितलेलं नाही. रोज सकाळी 8.40 ला डबा घेऊन निघतो आणि तलावपाळीवर बसतो. कृपया नाव छापू नये."

नमस्कार.

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्या वाचनात तलावपाळीपाशीच थांबलो. दुसऱ्यांदा हातात पेन्सिल घेतली आणि 117 या आकड्याला गोल केला. तुमच्या सगळ्या पत्रात आज कामाचं काही असेल तर ते तेवढंच.

मी हे कुठल्या जागेवरून बोलतोय ते आधी सांगतो. वकिलीची सनद मी निवृत्तीनंतर घेतली. त्याआधी बावीस वर्षं आस्थापना शाखेत होतो. निलंबनाचा आदेश टाईप करून साहेबांपुढे सहीला ठेवणारा, आणि सही झाली की ती फाईल कपाटात ढकलून पुढच्या टपालाला लागणारा मीच. त्यामुळे तुमच्या कार्यालयात आत्ता काय चाललं असेल, ते मला बऱ्यापैकी दिसतंय. बहुधा काहीच चाललेलं नाही. तुमची फाईल कुठल्या तरी गठ्ठ्यात बांधलेली आहे, आणि ज्याच्या टेबलावर तो गठ्ठा आहे त्याच्याकडे आणखी दोन टेबलांचा अतिरिक्त कार्यभार आहे. तुम्ही रोज रात्री ज्या गोष्टीने जागे राहता, तिची तिथे कुणाला आठवणही नसते. ऐकायला वाईट वाटेल, पण तुमच्या बाजूने बोलायला सगळ्यात भक्कम मुद्दा हाच आहे.

नऊ पानी खुलाशाबद्दल जरा स्पष्ट बोलतो. तो द्यायला नको होता. खोटा आहे म्हणून नव्हे. चार्ज यादीवर आधीच्या लिपिकाची सही नाही, हा फार चांगला मुद्दा आहे, पण तो विभागीय चौकशीत मांडायचा. निलंबनाच्या टप्प्यावर फाईल कुणी हरवली हा प्रश्न कुणी विचारतच नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 काढून बघा. नियम 5 मध्ये शिक्षांची यादी आहे, ठपक्यापासून बडतर्फीपर्यंत. त्यात निलंबन नाही. ते नियम 4 मध्ये वेगळं बसवलंय, कारण कायद्याच्या लेखी ती शिक्षाच नव्हे. चौकशी करायची आहे, माणूस जागेवर असला तर कागद हलतील किंवा साक्षीदार दबतील, म्हणून त्याला तात्पुरतं बाजूला ठेवायचं, एवढाच त्याचा अर्थ. चौकशी सुरू झालेली असण्याचीही गरज नाही, ती करायचं मनात असलं तरी नियम 4 पुरतो. सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्ये ओरिसाच्या एका प्रकरणात हेच सांगितलं आणि वर असंही म्हटलं, की निलंबन हा रोजच्या कारभारासारखा सवयीने काढायचा आदेश नव्हे. या दुसऱ्या वाक्यावर आपले लोक फार भिस्त ठेवतात. व्यवहारात न्यायालय पहिल्या आठवड्यात सहसा हात घालत नाही. तुम्ही पाचव्या दिवशी माझ्याकडे आला असतात तर मी तुम्हाला परत पाठवलं असतं.

पण तुम्ही 117 व्या दिवशी आला आहात.

16 फेब्रुवारी 2015 ला सर्वोच्च न्यायालयाने अजय कुमार चौधरी विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात निकाल दिला. त्याचं सार दोन वाक्यांत सांगता येतं. निलंबनापासून तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावलं नाही, तर निलंबन पुढे चालू ठेवू नये. बजावलं असेल आणि तरीही निलंबन वाढवायचं असेल, तर कारणं लिहून तसा आदेश काढावा. आरोपपत्र वेळेत आलं नाही तर आरोपीला 90 दिवसांनी जामीन मागता येतो, त्याच धाग्याने न्यायालयाने हे नव्वद दिवस आणले. गुन्ह्यातल्या आरोपीला जे मिळतं ते साध्या चौकशीतल्या कर्मचाऱ्याला का मिळू नये, असा तो विचार. आपल्या राज्याच्या सामान्य प्रशासन विभागाने त्यावर 9 जुलै 2019 ला शासन निर्णय काढला. तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावलं नसेल, तर निलंबन समाप्त करण्याशिवाय पर्याय राहत नाही, असं त्यात सरकारने स्वतःच लिहिलंय. शासनाच्या संकेतस्थळावर तो मिळतो. छापून घ्या, चार प्रती काढा. तुमच्या मेहुण्याने आणायच्या पत्रापेक्षा हा कागद जास्त वजनाचा आहे.

त्या निकालातली एक गंमत सांगतो. अजय कुमार चौधरींना सप्टेंबर 2011 मध्ये निलंबित केलं होतं. जमिनीच्या ना-हरकत दाखल्यांचं प्रकरण होतं. सर्वोच्च न्यायालयात निकाल लागेपर्यंत त्यांच्या हातात दोषारोपपत्र पडलं होतं. तेव्हा न्यायालय म्हणालं, की आता हे निर्देश तुम्हाला लागू पडतीलसं दिसत नाही. देशभरातले निलंबित कर्मचारी ज्यांचं नाव घेऊन आज दाद मागतात, त्यांच्या स्वतःच्या पदरात त्या नियमाचं काही पडलं नाही. यातून तुम्ही एवढंच उचला की दोषारोपपत्र येण्याआधीचा आणि आल्यानंतरचा दिवस सारखा नसतो. आज तुमच्या हातात ते नाही. अशा अवस्थेतला प्रत्येक दिवस मोलाचा आहे, आणि तो तुम्ही तलावपाळीवर घालवताय.

इथे एक गैरसमज काढून टाकतो, कारण त्यापायी एका चांगल्या माणसाची फजिती मी पाहिली आहे. नव्वद दिवस झाले, निलंबन आपोआप संपलं, असं समजून तो एक्क्याण्णवव्या दिवशी सकाळी जाऊन मस्टरवर सही करून आला. केंद्र सरकारच्या नियमांत तसं आहे. तिथे मुदतीत आढावा घेऊन निलंबन वाढवलं नाही तर ते 90 दिवसांनंतर टिकत नाही. आपल्या 1979 च्या नियमांत मात्र सक्षम अधिकारी मागे घेईपर्यंत आदेश चालू राहतो. म्हणजे निलंबन संपवणारा कागद कुणाच्या तरी सहीने निघावा लागतो. साहेबांनी काढला तर उत्तम, नाहीतर तो काढायला लावायचा.

तो काढायला कुठे जायचं? कोर्ट नाक्यावर नक्की नाही. ठाण्याच्या दिवाणी न्यायालयाला हा विषय ऐकण्याचा अधिकारच उरलेला नाही. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या सेवाविषयक तक्रारींसाठी 1985 च्या कायद्याखाली महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, आपण सगळे ज्याला मॅट म्हणतो ते. 1991 पासून चालू आहे. त्याचं मुंबईचं पीठ मंत्रालयाजवळ जुन्या बराकींत बसतं. थेट हायकोर्टही नाही. 1997 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवून दिलंय, की आधी न्यायाधिकरण आणि तिथे समाधान झालं नाही तर मग हायकोर्टाचं खंडपीठ. दुसऱ्या वकीलसाहेबांनी रिट टाकलं असतं तर बहुधा पहिल्याच तारखेला "मॅटकडे जा" असं ऐकून परत यावं लागलं असतं, दोन महिने आणि फी घालवून.

तुमच्यासारखे बाकीचेही हे वाचत असतील म्हणून ओझरतं सांगतो. ठाणे किंवा नवी मुंबई महापालिकेचे कर्मचारी मॅटमध्ये जात नाहीत, त्यांचा कायदा वेगळा. जिल्हा परिषदेचेही नाहीत. त्यांना 1964 चे स्वतंत्र शिस्त व अपील नियम आहेत, अपिलाला बेलापूरच्या कोकण भवनात विभागीय आयुक्तांकडे जावं लागतं आणि पुढे हायकोर्ट. रेल्वे, टपाल वगैरे केंद्राच्या माणसांसाठी कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आहे. आपला मालक नेमका कोण हे न बघता दुसऱ्याच्या अर्जाची नक्कल मारू नका.

आता तुमच्याकडे परत येतो. मॅटमध्ये जाण्याआधी दोन कागद द्यायचे आहेत.

पहिला कागद सक्षम अधिकाऱ्याला. नऊ पानं नाहीत, चार ओळी. मी लिहून देतो: "मला दि. अमुक रोजी निलंबनाचा आदेश बजावण्यात आला. आजअखेर इतके दिवस पूर्ण झाले असून मला दोषारोपपत्र बजावण्यात आलेले नाही. तसेच निलंबन चालू ठेवण्याबाबतचा कोणताही आदेश मला मिळालेला नाही. सामान्य प्रशासन विभागाच्या दि. 9 जुलै 2019 च्या शासन निर्णयानुसार माझे निलंबन समाप्त करून मला सेवेत पुनर्स्थापित करावे, ही विनंती." खाली सही, सोबत आदेशाची आणि शासन निर्णयाची प्रत. बस. फाईल, चार्ज यादी, आधीचा लिपिक, यातला एक शब्दही नको. हात शिवशिवतील, तरी नको.

दुसरा कागद म्हणजे अपील. निलंबनाच्या आदेशावर वरिष्ठ प्राधिकाऱ्याकडे अपील करता येतं, हे निम्म्या कर्मचाऱ्यांना माहीत नसतं. मुदत आदेश मिळाल्यापासून 45 दिवसांची असते. तुमची ती 72 दिवसांनी उलटली आहे. तरीही करा, सोबत विलंब माफीचा अर्ज जोडा आणि खरं कारण लिहा: खुलाशावर निर्णय होईल म्हणून थांबलो. हे अपील मंजूर होईल अशी मला फारशी आशा नाही. पण न्यायाधिकरणाच्या कायद्यात कलम 20 आहे. खात्यातले उपाय करून पाहिल्याशिवाय अर्ज सर्वसाधारणपणे दाखल करून घेऊ नये, असं ते म्हणतं. अपील करून सहा महिने निर्णय झाला नाही, तर उपाय संपला असं धरतात. तुम्ही सहा महिने थांबणार नाही, त्या "सर्वसाधारणपणे" या शब्दाच्या फटीतून आत जाणार आहात. पण अपील केल्याची पोच जवळ असली की समोरच्याला त्या मुद्द्यावर उभं राहायला जागा उरत नाही. अपील अजिबात न करता वर्षभर नुसतं बसून राहिलात, तर मॅटची मुदतही निघून जाईल.

दोन्ही कागदांना पंधरा दिवस द्या. उत्तर आलं नाही तर मूळ अर्ज दाखल करायचा. स्वतः उभं राहता येतं, तशी सोय कायद्यात आहे, पण सेवाविषयक काम करणारा वकील घ्या. फौजदारीतला कितीही नावाजलेला असला तरी इथे त्याचा उपयोग नाही. अर्ज दाखल झाला की मॅट सरकारला नोटीस काढतं आणि ती बजावण्याचं काम बरेचदा तुमच्याच हातात देतं. हमदस्त म्हणतात त्याला. म्हणजे तुमच्याच कार्यालयात जाऊन, तुमच्याच आवक खिडकीवर, तुमच्याच सहकाऱ्याच्या हातात नोटीस ठेवून पोच घ्यायची आणि तसं प्रतिज्ञापत्र द्यायचं. तो क्षण माणसाला जड जातो. खिडकीवरचा माणूस वर बघत नाही, तुम्हीही बघत नाही. शिक्का पडतो. निघून यायचं.

मग सरकारची बाजू मांडणारे सादरकर्ता अधिकारी उत्तराला वेळ मागतील. एकदा, कदाचित दोनदा. आणि नेमक्या याच दिवसांत तुमच्या घरी दोषारोपपत्र येऊन धडकेल. हे मी ज्योतिष सांगत नाही, मी स्वतः असं एक दोषारोपपत्र एका रात्रीत तयार केलंय. पाच महिने पडून असलेली फाईल मॅटची नोटीस आल्या दिवशी संध्याकाळी कपाटातून निघाली, रात्री साडेअकराला जोडपत्रं टाईप झाली आणि सकाळी शिपाई मोटरसायकलवरून गेला. घाईत साक्षीदारांच्या यादीत निवृत्त होऊन गेलेल्या माणसाचं जुनं पदनाम तसंच राहिलं होतं. तेव्हा दोषारोपपत्र आलं म्हणून घाबरू नका. एक तर चौकशी सुरू झाली, म्हणजे तुमच्या चार्ज यादीला बोलायची जागा मिळाली. दुसरं, ते नव्वद दिवसांत आलेलं नाही, ही गोष्ट नंतरच्या तारखेने पुसली जात नाही. तिसरं, निलंबन पुढे का चालू ठेवायचं याचा कारणांसह आदेश त्यांच्याकडे तेव्हाही नसणार. वकिलाला या तीन मुद्द्यांवर टिकून राहायला सांगा. स्वीकारताना तारीख आणि वेळ स्वतःच्या अक्षरात लिहा.

हाती काय लागेल? कधी मॅट आदेशच रद्द करतं. पण जास्त वेळा ते सक्षम प्राधिकाऱ्याला सांगतं, की अमुक आठवड्यांत आढावा घ्या आणि कारणं देऊन निर्णय करा. माणसं हा दुसरा आदेश ऐकून हिरमुसतात. मला विचाराल तर तो वाईट नाही. "साहेब कायमचे बिघडतील" म्हणणाऱ्या तुमच्या मित्रांना एक गोष्ट ठाऊक नाही. निलंबन मागे घेण्याच्या टिपणीवर स्वतःहून सही करायला कुठल्याच साहेबाला नको असतं. उद्या कुणी विचारलं तर काय, ही धास्ती. मॅटचा आदेश आला की टिपणीत "मा. न्यायाधिकरणाच्या आदेशानुसार" असं लिहिता येतं आणि साहेब मोकळे होतात. मी असे साहेब पाहिलेत, जे खासगीत म्हणायचे, "त्याला जाऊ दे ना कोर्टात, माझं काम सोपं होईल." शिवाय साहेबांची त्या खुर्चीवरची मुदत साधारण तीन वर्षं. तुमची किती नोकरी उरली आहे?

परत घेतील तेव्हा तीच खुर्ची मिळेल असं मात्र धरू नका. बहुधा दुसऱ्या कार्यालयात, अकार्यकारी पदावर नेमतील. आणि निलंबनाच्या काळाचा उरलेला पगार लगेच मिळत नाही, चौकशीचा शेवट झाला की त्यावर निर्णय होतो.

आता पैशाचं, कारण घर त्यावर चालतं. निलंबन काळात काय पैसे द्यायचे ते सांगणाऱ्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांतला, 1981 च्या, नियम 68 बघा. पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेवर असता तर जेवढा पगार मिळाला असता तेवढा निर्वाह भत्ता, अधिक त्यावरचा महागाई भत्ता. समजा तुमचं मूळ वेतन 36,400 आहे, तर 18,200 अधिक महागाई. घरभाड्यासारखे भत्ते निलंबनाच्या दिवशीच्या पगारावर, त्यांच्या अटींसह. तीन महिन्यांनंतर, लांबण तुमच्यामुळे झाली नसेल, तर हा भत्ता त्याच्याच निम्म्याइतका वाढवता येतो: 18,200 चे 27,300. हे आपोआप होत नाही, मागावं लागतं. तुम्ही मागितलं नसणार. तोही अर्ज या आठवड्यात द्या. आणि दोन महिन्यांनंतर भत्ता बंद का झाला, याचा माझा अंदाज सांगू? तुम्ही दरमहा द्यायचं प्रमाणपत्र दिलं नसेल. "मी या कालावधीत अन्य कोणतीही नोकरी, व्यापार किंवा व्यवसाय केलेला नाही", या एका ओळीच्या सहीशिवाय बिल पुढे जात नाही. बिल लिपिक तुम्हाला फोन करून सांगत नाही, त्याला अवघड वाटतं. राहिलेल्या महिन्यांची प्रमाणपत्रं वेगवेगळ्या कागदांवर देऊन टाका.

एवढं करूनही भत्ता अडवला तर तो मुद्दा मॅटच्या अर्जात घाला. न्यायालयं या बाबतीत फार कडक आहेत. कोलारच्या भारत गोल्ड माइन्समधल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याला निर्वाह भत्ताच दिला नव्हता, त्यामुळे तो गावाहून चौकशीला येऊ शकला नाही, आणि त्याच्यामागे चौकशी उरकून त्याला काढलं. 1999 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते टिकू दिलं नाही. आपल्या राज्याचा इतिहास तर त्याहून भारी. खालच्या न्यायालयात दोषी ठरून अपिलात असलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला दरमहा एक रुपया निर्वाह भत्ता द्यायची तरतूद इथे होती. महिन्याला एक रुपया! सर्वोच्च न्यायालयाने 1983 मध्ये ती मोडीत काढली. ज्याने तो एक रुपया नियमात लिहिला त्याला निर्वाह या शब्दाचा अर्थ कुणीतरी विचारायला हवा होता.

यावरूनच रिक्षाचं उत्तर कळलं असेल. नाही. संध्याकाळी नाही, एक तास नाही, मेहुण्याच्या नावावर नाही. निलंबित असलात तरी तुम्ही सरकारी सेवकच आहात आणि वर्तणूक नियम तुम्हाला लागू आहेत. प्रमाणपत्रावर सही करायची आणि कळवा नाक्यावर शेअरच्या रांगेत उभं राहायचं, यात तुमचाच कुणी सहकारी मागच्या सीटवर बसला की हरवलेल्या फाईलच्या आरोपाशेजारी खोट्या प्रमाणपत्राचा आरोप येऊन बसेल. पहिल्यातून तुम्ही सुटाल, दुसऱ्यातून नाही. वहिनींनी स्वतःचं काही सुरू केलं तर हरकत नाही, फक्त घरातल्या माणसाचा व्यवसाय कार्यालयाला कळवायचा असतो, तेवढं करा.

आमदारांचं पत्रही नको. सेवेच्या बाबतीत बाहेरचं वजन आणणं हाच वर्तणूक नियमांचा भंग आहे. ते पत्र फाईलला लागतं, त्यावर क्रमांक पडतो, आणि पुढे कधीतरी ते तुमच्याविरुद्ध वाचून दाखवलं जातं. मेहुण्याला सांगा, त्याचा जीव चांगला आहे, पण त्यापेक्षा मॅटच्या तारखेला तुमच्यासोबत यावं.

एका गोष्टीचा तुम्ही प्रश्न विचारला नाहीत, पण मला तिचीच सगळ्यात जास्त काळजी वाटली. मुख्यालय शहापूर, आणि तुम्ही राहता कळव्याला. परवानगीशिवाय मुख्यालय सोडायचं नाही, असं आदेशाच्या शेवटी असणारच. ते वाक्य कुणी वाचत नाही. उद्या शहापूरच्या पत्त्यावर टपाल गेलं आणि "इसम राहत नाही" असा शेरा होऊन परत आलं, तर ते फाईलला लागायला वेळ लागणार नाही. मुख्यालय ठाणे करून मिळावं, असा अर्ज करा. आईचं औषधपाणी, मुलाची शाळा, जे खरं असेल ते कारण द्या. तो मंजूर होईपर्यंत आसनगाव लोकलचा पास काढा आणि शहापुरात पत्ता ठेवा. सध्याचा पत्ता आणि मोबाईल नंबर कार्यालयाला लेखी कळवा, म्हणजे टपाल चुकायला सबब राहणार नाही.

आणि हे टपाल कळव्याच्या घरीही येणार आहे, म्हणून आईचा विषय काढतो. एरवी मी घरातल्या गोष्टीत पडत नाही. दोषारोपपत्र घेऊन शिपाई येतो तेव्हा तुम्ही घरी नसाल, तलावपाळीवर असाल. वहिनीही कामाला गेल्या असतील. मग दोन पंच बोलावून ते दारावर डकवतात आणि पंचनामा करतात. सगळा मजला बघतो. हे मी आस्थापनेत असताना करायला लावलंय. एकदा दारात एक म्हातारी उभी होती, तिला वाचता येत नव्हतं, तिने पंचांनाच विचारलं, "काय लिवलंय रं बाबा?"

येत्या रविवारी आईला सांगा. चहा झाल्यावर, मुलगा खेळायला गेला की. सोमवारी 8.40 लाच निघा, डबाही घ्या. पण तलावपाळीवर न थांबता सरळ कार्यालयात जा आणि आवक खिडकी उघडताच चार ओळींचा अर्ज, भत्तावाढीचा अर्ज, मुख्यालयाचा अर्ज आणि राहिलेली प्रमाणपत्रं द्या. प्रत्येकाची दुसरी प्रत सोबत ठेवा, शिक्का आणि आवक क्रमांक त्यावर घ्या. खिडकीवरचा म्हणेल, "ठेवून जा, नंतर मारतो." ठेवून जाऊ नका. अपील स्पीड पोस्टाने वरिष्ठांकडे पाठवा आणि पावती त्याच फाईलला लावा. पंधरा दिवसांनी मला पुन्हा लिहा, आणि त्या पत्रात फक्त तारखा लिहा.